भाकरीचा व्यास

नागापूरच्या कारखान्यात मी चौतीस वर्षं लेथ चालवली. निरोपाच्या दिवशी साहेबांनी शाल घातली, नारळ दिला आणि म्हणाले, "आता दुसरी इनिंग एन्जॉय करा." म्हणजे नक्की काय करायचं, हे साहेबांना तरी कुठं माहीत होतं? टाळ्या मात्र झाल्या.

महिन्याभरात बायको न्हाणीत घसरली. उजवं मनगट प्लॅस्टरमध्ये. डबा लावला, तर त्यातल्या पोळीचे दोन घास खाऊन तिनं ताट सारलं. तिला बाजरीची भाकरी लागते, दुसरं काही घशाखाली उतरत नाही. चार दिवसांत तोंड एवढंसं झालं. म्हटलं, हात्तिच्या! केसाएवढा फरक पकडणारा माणूस मी, भाकरीचं काय एवढं?

पहिली उचलतानाच फाटली. दुसरी तव्यावर दुमडूनच पडली. तिसरीला मी पेटीतून व्हर्नियर काढला आणि व्यास मोजायला बसलो. बायको स्टुलावर बसून, प्लॅस्टर पोटाशी धरून हसत होती.

"अहो, ती इन्स्पेक्शनला न्हाई जायची, पोटात जायची हाय!"

मी चिडलो. पीठच खराब आहे म्हणालो.

"मग पंधरा दिवसांचं एकदम दळून कोणी आणलं? बाजरीचं पीठ जुनं झालं की विरी जाती त्याची, चिकटपणा ऱ्हात न्हाई. चिरणारच."

आता घरात स्टॉक करायचा नाही, हे मला कोणी सांगितलं होतं?

दोन दिवसांपुरतं ताजं दळून आणलं. बोटं भाजली, तव्याला शिव्या घातल्या. आठव्या दिवशी एक फुगली. टम्म! मी एवढ्यानं ओरडलो की शेजारीण दारात आली. तव्यावरून थेट बायकोच्या ताटात टाकली, वर लसणाची चटणी आणि तेल.

तिनं डाव्या हातानं तुकडा मोडला. खाता खाता थांबली. म्हणाली, "लग्न झाल्यापासून पहिल्यांदा गरम भाकरी खातीय."

मला लाज वाटली. तव्यावरची पहिली भाकरी खाऊन मी रोज शिफ्टला पळालो. मागं ती काय खाते, कधी खाते, एकदाही विचारलं नाही.

प्लॅस्टर निघालं त्या दिवशी, सुटलो बुवा म्हणून मी परात तिच्यापुढं ठेवली. तिनं ती माझ्याकडं सरकवली आणि ताट घेऊन बसली.

"अगं, हात बरा झाला की तुझा!"

"व्हय ना. आता जेवायला सोपं जाईल. थापा."