शेषाद्रीचं भाषांतर

दुपारी पुस्तक छातीवर पालथं ठेवून मी पडलो आहे. पंख्याची घरघर हळूहळू प्रोजेक्टरसारखी होते आणि मी माटुंग्याच्या थिएटरात बसलेला असतो. हे मला नीट सांगता येईल का, शंकाच आहे. उजवीकडे शेषाद्री आहे. त्याला जाऊन अकरा वर्षं झाली. दाढ दुखते म्हणून तो लवंग चघळतो आहे, तेव्हासारखाच.

पडद्यावर तोच तमिळ पोलीसपट. माझी बायको शालन गेल्यावर महिन्याभराने, मी घरात कुढत बसू नये म्हणून ऑफिसातल्या ह्या मित्राने मला ओढून आणलं होतं. मला तमिळ येत नाही. तीन तास तो कानात मराठी सांगत राहिला आणि मागचे लोक शुकशुक करत राहिले. शेवटी फौजदार गुन्हेगाराच्या मागे असतो आणि इस्पितळात त्याची बायको एकटीच मरते. तिचे शेवटचे शब्द शेषाद्रीने सांगितले, "तुम्ही कामात असाल. माझा राग नाही."

शालन गेली तेव्हा मी वाचनालयात एक प्रकरण संपवत बसलो होतो. शेषाद्रीच्या त्या वाक्यावर मी पस्तीस वर्षं काढली.

गेल्या रविवारी तो सिनेमा पुन्हा लागला, मराठी सबटायटल्ससह. नात घेऊन गेली. म्हणाली, आजोबा, नंतरचे सगळे सिनेमातले फौजदार ह्याच्याकडूनच चालायला शिकले. तरुण मुलं संवादासंवादाला टाळ्या वाजवत होती. मग इस्पितळातला तो प्रसंग आला. खाली अक्षरं आली : दाराकडे बघून डोळे दुखले. तुम्ही आला नाहीत.

"तू खोटं सांगितलंस," मी शेषाद्रीला म्हणतो.

"टिकेकर, तुझा हात माझ्या हातावर होता. सोडत नव्हतास." तो लवंग दुसऱ्या गालात घेतो. "आणि तूच म्हणायचास ना, माझं मराठी कच्चं आहे म्हणून?"

पडदा हलतो. तो आता खाटेभोवतीचा पांढरा पडदा आहे. खुर्च्या नाहीत. फिनेलचा वास येतो. आत शालन आहे, दाराकडे तोंड करून. ती काहीतरी सांगते आहे, पण तमिळमध्ये.

"काय म्हणते?"

शेषाद्री लवंग चघळत राहतो.

"ह्या वेळी खरं सांग. असेल ते."

तो माझ्याकडे बघतो. मग झुकून माझ्या उजव्या कानाशी सांगू लागतो. बराच वेळ सांगतो. नुसता गरम श्वास लागतो. तो कान सहा वर्षांपूर्वीच गेला. शेषाद्रीला हे कसं माहीत असणार? मान वळवून डावा कान पुढे केला तर सगळं ऐकू येईल.

मी मान वळवत नाही.

जाग येते. पुस्तक जमिनीवर पडलं आहे. उजव्या कानाची पाळी ओलसर लागते. तिच्यावरून बोट फिरवून नाकाशी नेतो.

लवंग.