कपांच्या बुडाखालचे संवाद

माझ्या खालच्या फ्लॅटमध्ये एक नटी राहते, हे मला लॉकडाउनमध्ये कळलं. एकट्या माणसाकडे एकच पाहुणा येऊ शकतो असा नियम निघाला आणि पंच्याऐंशी वर्षांच्या या बाईंनी मला निवडलं. इथे परदेशात, आमच्या हॅरिस पार्क या उपनगरात, दर दिवाळीला मी मराठी मंडळाच्या नाटकात खलनायक रंगवतो. साहजिकच मला वाटलं, हा कलेचा सन्मान!

"तू उंच आहेस, डार्लिंग. बल्ब बदलता येईल," त्या म्हणाल्या.

टीव्ही काळा-पांढरा होता तेव्हापासून त्यांनी घरमालकिणी, नर्स आणि भोचक शेजारणी रंगवल्या होत्या. "तीस वर्षं मी पोलिसांना दार उघडलं. नायिका येऊन गेल्या, दार माझ्याकडेच राहिलं!"

गेली दहा वर्षं मात्र काम नव्हतं. अचानक एका मालिकेतून विचारणा आली. एक प्रसंग घरीच फोनवर चित्रित करून पाच वाजेपर्यंत पाठवायचा होता. एजंटने स्पष्टच सांगितलं होतं, "तुम्हाला संवाद आठवतील का, एवढीच त्यांना शंका आहे." आता अडखळल्या तर पुन्हा कोणी विचारणार नव्हतं.

प्रसंगात आई कप पुसून कपाटात ठेवते आणि मुलगा घर विकायला सांगतो. मुलाचे संवाद मी वाचणार होतो. पोचलो तेव्हा बाई आत लिपस्टिक लावत होत्या. सिंकपाशी चार कप होते. कुणाच्या घरी खरकटे कप दिसले की मला स्वस्थ बसवत नाही, ही आईची शिकवण. बुडाखाली काळे डाग होते, तेही घासून काढले.

बाई बाहेर आल्या, एक कप उलटा करून बघितला.

"हे धुतलेस?"

"चकाचक!"

"मूर्खा, माझे संवाद होते त्यावर! आयब्रो पेन्सिलने लिहिलेले."

थेट प्रक्षेपणाच्या काळातली युक्ती होती ती. मी पेन्सिल शोधायला धावलो.

"राहू दे. पावणेपाच झालेत. कॅमेरा लाव."

मी वाचलं, "आई, घर विकू या."

पहिली दोन वाक्यं त्यांनी झकास म्हटली. मग त्या थांबल्या. सवयीने कप उलटा केला. कोरा. त्यांनी तो माझ्या नाकासमोर धरला.

"हा कुणी धुतला?" त्या एकदम माझ्यावर कडाडल्या. "डाग तसाच आहे! तुला एक कप धुता येत नाही, आणि तू माझं घर विकणार?"

हे वाक्य कागदावर नव्हतं. पण त्या रागातच पुढचं सगळं सलग आलं, शेवटच्या शब्दापर्यंत. मी माझी वाक्यं वाचायलाच विसरलो, ते सोडा.

तीन दिवसांनी काम मिळाल्याचा फोन आला. बाईंनी एजंटला ऐटीत सांगितलं, "शंका कसली? सगळं तोंडपाठ होतं."

फोन ठेवला आणि त्यांनी स्क्रिप्ट माझ्या हातात कोंबलं.

"बस. रोज चार ते पाच पाठांतर घ्यायचं माझं. आणि चुकले तर सोडू नकोस."

पहिल्या दिवशी सात चुका झाल्या. मी एकही सोडली नाही.