कॉर्सेटची नाडी

ऐंशीच्या दशकात मी शिकागोतल्या एका ऑपेरा कंपनीत ड्रेसर होते. गायकांना कपडे चढवायचे, उतरवायचे, उसवलं तर तिथल्या तिथे टाका घालायचा. शिवण आईनं शिकवलं होतं, ते परदेशात असं उपयोगी पडलं.

एका सीझनला माझ्याकडे एक फिनिश सोप्रानो आली, म्हणजे बायकांमधल्या सगळ्यात उंच पट्टीची गायिका. पंचेचाळिशीची, धिप्पाड, पण बोलणं अगदी हळू. वडील लाकूडतोडे. गावच्या चर्चमध्ये गायची, तिथल्या ऑर्गन वाजवणाऱ्या बाईंनी तिला हेलसिंकीला शिकायला धाडलं. मग जर्मनीत बरीच वर्षं, आणि आता उशिरा का होईना, अमेरिका. मी मागून तिच्या कंबर आवळणाऱ्या कॉर्सेटची नाडी ओढत असायचे आणि ती पाठमोरी हे सगळं सांगत असायची. तिच्या घशासाठी मी डेव्हन रस्त्यावरच्या देशी दुकानांतून ज्येष्ठमध आणायचे.

एकदा ती म्हणाली, "वरचा सूर आता माझं ऐकत नाही. कुणाला सांगू नकोस हं."

"नाही सांगणार," मी म्हटलं. नवऱ्यालाही सांगितलं नाही.

तिसऱ्या प्रयोगात तो सूर भर रंगमंचावर फाटला. दुसऱ्या दिवशी मॅनेजरनं मला बोलावलं.

"नाडी फार आवळलीस म्हणे. तिला श्वासच घेता येईना."

"असं कोण म्हणालं?"

"तीच."

नाडी मी नेहमीच्या खुणेपर्यंतच ओढली होती. खरं कारण अगदी ओठांवर आलं होतं. पण शब्द दिला होता. मी गप्प राहिले आणि नोकरी गेली.

सामान घ्यायला गेले तेव्हा ती जिन्यात भेटली.

"का केलंत असं?"

"तुला दुसरी नोकरी मिळेल. मला दुसरा गळा नाही मिळणार."

"मग निदान आता तरी त्यांना खरं सांगा."

तिनं माझ्या खांद्यावर हात ठेवला. मी तो झटकला. ती वर निघून गेली.

पुढच्या सीझनला तिला कुणी बोलावलं नाही. ती फिनलंडला परतली, मुलांना गाणं शिकवते, असं विग बसवणाऱ्या मैत्रिणीकडून कळलं. मी तोवर डेव्हनवरच्या साडीच्या दुकानासाठी ब्लाउज शिवायला लागले होते. तिची ही बातमी ऐकून बरं वाटेल अशी माझी समजूत होती. नाही वाटलं. ती खोटं बोलली, ते एक वेळ मी विसरले असते. पण मी तोंड उघडणार नाही याची तिला पक्की खात्री होती, आणि म्हणूनच दोष ढकलायला तिनं मला निवडलं.