सिन्नर स्टँड, पस्तीस मिनिटं, कारण: चहा

माझ्या बायकोच्या मामांनी उभ्या आयुष्यात एकदाही मोटरसायकल चालवली नाही, आणि तरीही मोटरसायकलचा प्रवास त्यांच्याइतका कळणारा माणूस नाशिक जिल्ह्यात झाला नाही, हे मी कोणाशीही पैज लावून सांगायला तयार आहे. चालवण्याचं सोडा, मागे बसायचीही त्यांना धास्ती. एकदा मी आग्रह करून बसवलं, तर शालिमारपासून अशोकस्तंभापर्यंत त्यांनी माझा शर्ट दोन्ही मुठींत असा आवळून धरला की पाठीची शिवण उसवली. उतरल्यावर म्हणाले, "गाडी उत्तम आहे. फक्त तिला भिंती नाहीत." मामा नाशिकच्या सीबीएसवर, म्हणजे मोठ्या एसटी स्टँडवर, वाहतूक नियंत्रक होते. ज्या वाहनाला भिंती नाहीत, कंडक्टर नाही आणि सुटायची ठरलेली वेळ नाही, ते रस्त्यावर येतंच कसं, हे कोडं त्यांना शेवटपर्यंत सुटलं नाही.

त्यांच्या घरात घड्याळ होतं, पण ते पाहुण्यांसाठी. मामांचा स्वतःचा दिवस गाड्यांवर चालायचा. पहिली पेठ सुटली की अंघोळ, सटाणा लागली की नाश्ता, आणि "जेवायला येतो" याचा अर्थ "कळवण गेल्यावर येतो". मामी बिचाऱ्या कुकरसुद्धा सुरगाण्याच्या गाडीच्या अंदाजाने लावायच्या. पंधरा वर्षं लाऊडस्पीकरवर बोलून मामांचा आवाज इतका सरकारी झाला होता की घरी आल्यावरही तो उतरत नसे. पुतण्याच्या मुंजीत त्यांनी भर मांडवात पुकारा केला, "दुसरी पंगत दोन मिनिटांत बसत आहे, संबंधितांनी आपापल्या पानावर जाऊन बसून घ्यावे," आणि दोन मिनिटांनी खरंच वाढायला सुरुवात केली. मुंजमुलाचे आजोबा हात धुवायला गेले होते, त्यांची पंगत हुकली. आजोबा दोन महिने बोलत नव्हते. मामांना त्याचं काही वाटलं नाही. कोणासाठीही गाडी थांबवायची नाही, एवढा एकच नियम त्यांनी व्रतासारखा पाळला होता. ते म्हणायचे, "एकासाठी थांबलो की वेळेवर येऊन बसलेल्या पन्नास जणांना फसवलं."

आमचं लग्न नोंदणी पद्धतीचं. ऐंशीच्या आसपासची गोष्ट. मी नाशिकरोडच्या वाटेवरच्या बौद्ध कॉलनीतला शाळामास्तर. कुंदा माझ्याच शाळेत शिकवायची, पण पंचवटीत यात्रेकरूंची पूजाअर्चा करणाऱ्या घरातली. अण्णांनी, म्हणजे माझ्या सासऱ्यांनी, लेकीचं नाव घरात काढायचं नाही असं बजावलं, आणि सासूबाईंनी ते मुकाट्याने ऐकलं. तिच्या माणसांपैकी लग्नाला मामा तेवढे आले. अकराला बोलावलं होतं, अकराला आले. साक्षीदार म्हणून सही केली, सहीखाली सवयीने 'वाहतूक नियंत्रक' असं लिहिलं, भाचीच्या डोक्यावर हात ठेवला आणि म्हणाले, "सुखी राहा. मला सव्वाबाराची पेठ सोडायची आहे." पुढच्या गुरुवारी, त्यांच्या सुटीच्या दिवशी, मामा आमच्या दारात हजर. माझी आई बिचकतच म्हणाली, "भाऊ, आमच्यातला चहा चालंल का तुम्हाला?" मामा म्हणाले, "दहा मिनिटांत होणार असेल तर दोन कप चालेल." तेव्हापासून दर गुरुवारी दोन कप, आणि वर आईच्या हातची गरम भाकरी. आई त्यांची वाट पाहायची. घड्याळ बघायला ती त्यांच्यामुळे शिकली.

लग्नाला दोन वर्षं झाली तरी कुंदाला आईचं तोंड दिसलं नव्हतं. अंतर म्हणाल तर नदीच्या पलीकडे, चालत गेलं तर तासाभराचं. एकदा भाजीबाजारात दोघी अचानक समोरासमोर आल्या. कुंदा पुढे झाली, तेवढ्यात सासूबाई मान खाली घालून दुसऱ्या गल्लीत वळल्या. कुंदा तशीच घरी आली. आणलेली मेथी दोन दिवस पिशवीतच सुकली. त्या गुरुवारी मामांना मी हे सांगितलं. मामांनी बशीतला चहा संपवला, कप पालथा घातला आणि विचारलं, "तुमच्या मोटरसायकलचं इंजिन कसं आहे?" मला राग आला. माणूस काय सांगतोय आणि ह्यांना इंजिन सुचतंय! पण मामांनी तेवढ्यात खिशातून पेन काढलं होतं. "दोघं एक दिवस बाहेर जाऊन या. डोंगर बघा, देवळं बघा. मी आखून देतो."

आषाढात सुरू झालेली ही आखणी भाद्रपद सरला तरी चालूच. बदलून गेलेल्या हेडमास्तरांची जुनी मोटरसायकल मी घेतली होती. तिच्यावर त्र्यंबक, घोटी, सिन्नर असं फिरून संध्याकाळी घरी यायचं, एवढाच प्रवास. एवढ्या वेळात माणूस काशीला जाऊन येतो. रद्द झालेल्या वेळापत्रकाच्या पाठकोऱ्या कागदावर मामांनी रकाने पाडले होते: ठिकाण, आगमन, निर्गमन, कारण. दर गुरुवारी नवा कागद. कोणत्या वळणावर सकाळी ऊन डोळ्यांवर येतं, कोणत्या गावची कुत्री दुचाकीवर धावून येतात, घोटीच्या स्टँडवर पाण्याचा नळ कुठल्या बाजूला आहे, सगळं त्यात. त्यांचा मूळ सिद्धान्त असा की मोटरसायकलच्या मागे अर्ध्या तासाच्या आत एसटी असलीच पाहिजे. बंद पडली तर हात करायला. म्हणून आमच्या सगळ्या वेळा मागून येणाऱ्या गाड्यांवर बेतलेल्या. त्र्यंबकपुढे लिहिलं होतं, "थांबणे नाही. चहासुद्धा नाही." कारणाच्या रकान्यात, "अण्णांचे चुलत भाऊ, एकूण सहा." हेडलाईटवर 'नाशिक–नाशिक मार्गे घोटी' अशी पाटी लावायचाही त्यांचा आग्रह होता. कुंदा म्हणाली, "मामा, पाटी लावलीत तर मी घरीच बसेन." तेव्हा कुठे ते नमले.

शेवटच्या कागदात मला एकच गोष्ट खटकली. गोंदेश्वराचं देऊळ बघून झाल्यावर लिहिलं होतं: "सिन्नर स्टँड, आगमन तीन पाच, निर्गमन तीन चाळीस, कारण: चहा." आणि खाली बारीक अक्षरात, "नाशिक फलाटासमोरचा बाक." मी म्हणालो, "मामा, पस्तीस मिनिटांत चहाचं रोप लावून पानं खुडता येतील." मामा हसले नाहीत. "तुम्ही फक्त बसा," म्हणाले. तीन सुट्या खर्च करून हा माणूस एसटीने हा सगळा रस्ता खिडकीत बसून तपासून आला होता, असं मामी नंतर म्हणाल्या. त्यात दोनदा सिन्नरला कुंदाच्या मावशींकडे मुक्काम झाला होता, ते आम्हाला ठाऊक नव्हतं.

निघालो. ठरल्याप्रमाणे सात दहाला. प्रवास इतका सुंदर झाला की मामांची थट्टा करायची मला लाज वाटू लागली. पहिन्याच्या डोंगरांवरून पाणी अजून उतरत होतं. पलीकडे घोटीपर्यंत भाताची खाचरं, वाऱ्याबरोबर वास यायचा. ऊन मामा म्हणाले तिथेच डोळ्यांवर आलं. कुत्रीही सांगितलेल्या गावीच धावली. टाकेद फाट्यावर आईने दिलेला डबा खाल्ला. कुंदा दोन वर्षांत पहिल्यांदा मोठ्याने गात होती, आणि तिला गाता येत नाही हे मला त्या दिवशी कळलं. गोंदेश्वराच्या दगडी चौथऱ्यावर बसून ती म्हणाली, "आईला हे देऊळ फार आवडतं. मावशीकडे आलो की मला घेऊन यायची." मग गाणं बंद झालं.

तीन पाचला सिन्नर स्टँडवर पोचलो. चहा पाच मिनिटांत संपला. आभाळ भरून यायला लागलं होतं, मला पावसाआधी घर गाठायचं होतं. मी उठून किक मारायला गेलो, तर कुंदा बाकावरून हलेना. "मामांनी तीन चाळीस लिहिलंय." मी म्हणालो, "अगं, मामा काय बघायला येणार आहेत?" आणि वळून पाहतो तो कंट्रोलरच्या खोलीतून मामा बाहेर येत होते. रजेवर असूनही इस्त्रीचा खाकी शर्ट. आणि त्यांच्या मागे, हातात कापडी पिशवी घेतलेल्या, नऊवारीतल्या सासूबाई.

मामांनी बहिणीला बाकाजवळ आणलं आणि स्टँडवरच्या आवाजात म्हणाले, "ताई, तुझी नाशिक तीन चाळीसला सुटेल. बावीस मिनिटं आहेत." एवढं सांगून आत निघून गेले. आजारी मावशींना भेटायला म्हणून सासूबाईंना ते सकाळी घेऊन आले होते; बाकावर कोण असेल हे त्यांनाही सांगितलं नव्हतं. त्या चटकन मागे वळतील असं मला वाटलं. भाजीबाजारात वळल्या तशाच. पण त्या बाकाच्या टोकाला बसल्या. कुंदा दुसऱ्या टोकाला. मध्ये पिशवी. दोघी समोरच्या फलाटाकडे बघत राहिल्या, आणि मामांनी मोजून दिलेली मिनिटं अशी वाया जाताना मला बघवेना. मी उठून मोटरसायकलचे नट तपासायला लागलो, ज्यांना काहीही झालेलं नव्हतं. तेव्हा मागून सासूबाईंचा आवाज आला, "वाळलीस गं." मग कुंदाचं रडणं. मग सासूबाईंचं, "त्या दिवशी बाजारातून घरी गेले आणि दार लावून बसले. दोन दिवस घास उतरला नाही मला."

तेवढ्यात लाऊडस्पीकर खरखरला. सिन्नरच्या कंट्रोलरकडून मामांनी माईक मागून घेतला असणार, कारण आवाज त्यांचा होता. "फलाटावर उभी असलेली सिन्नर–नाशिक गाडी दोन मिनिटांत सुटत आहे. प्रवाशांनी आपापल्या जागेवर बसून घ्यावे." खोलीच्या जाळीतून ते थेट बहिणीकडे बघत होते. मला वाटलं, जन्मात एकदा, आज तरी, हा माणूस गाडी थांबवेल. सासूबाई उठल्या. पिशवीचे बंद बांधले. गाडीच्या दारापर्यंत गेल्या. कंडक्टर म्हणाला, "चढा ना आज्जी, लय उशीर केला तुमी." त्यांनी दांड्याला हात लावला आणि तशाच उभ्या राहिल्या. आत जाऊन बसल्या असत्या तर साडेचारला घरी, अण्णांच्या चहाच्या वेळेला. कोणाला काही कळलं नसतं, आणि पुन्हा दोन वर्षं. लाऊडस्पीकर म्हणाला, "सिन्नर–नाशिक, सुटत आहे." सासूबाईंनी दांडा सोडला. "जा बाबा तू," कंडक्टरला म्हणाल्या, आणि परत येऊन बसल्या. या वेळी पिशवी मध्ये नव्हती.

गाडी तीन चाळीसला सुटली. मिनिटभरही उशीर नाही. मामा बाहेर आले तेव्हा त्यांचा चेहरा असा फुलला होता की मुंजीतले आजोबा तिथे असते तर त्यांनी सगळं माफ केलं असतं. प्रवासी मागे राहिला म्हणून खूश झालेले मामा मी एवढेच पाहिले. पण बोलले ते कामाचंच. "पुढची नाशिक सव्वापाचला. घरी जायला दिवेलागण होईल. अण्णांना काय सांगशील?"

सासूबाई कुंदाच्या केसांत अडकलेलं भाताचं कुसळ काढत होत्या. मान वर न करता म्हणाल्या, "लेकीला भेटले, असं सांगेन."

त्यांनी तसंच सांगितलं. अण्णा महिनाभर बायकोशी बोलले नाहीत, आणि आमच्या घराची पायरी तर शेवटपर्यंत चढले नाहीत. पण दिवाळीनंतरच्या एका गुरुवारी मामांच्या मागून सासूबाई आमच्या दारात आल्या, आणि माझ्या आईने त्या दिवशी चहात दोनदा साखर घातली. मी मामांचे आभार मानायचा प्रयत्न एकदाच केला. ते म्हणाले, "मी फक्त थांबा दिला. उतरायचं की नाही, ते प्रवाशाने ठरवायचं असतं." आणि कळवणची वेळ झाली म्हणून उठले. मामा जाऊन आता बरीच वर्षं झाली. कुंदाला तिची आई त्यानंतर एकोणीस वर्षं मिळाली. आमच्या मुलींना आजी मिळाली, दोघी विहिणी शेवटी शेवटी तर माझ्याबद्दलच्या तक्रारीही मिळून करायच्या. हे सगळं मला मामांना नीट बसवून सांगायचं होतं. त्यांना वेळ नसायचा आणि मला वाटायचं, पुढच्या गुरुवारी सांगू.