मसाला येण्याआधीचे वादळ

रत्नागिरी स्टेशनावर उतरलो तेव्हा माझ्याजवळ कॅमेरा, खोकाभर मसाला आणि हसरा चेहरा होता. धंद्यात तोच चालतो. आयुष्यभर मी साबण, रंग, बनियन यांच्या जाहिराती केल्या. अध्येमध्ये, कोणी सांगितले नसताना, नाटे गावच्या मच्छीमारांवर माहितीपट केला. तो बायकोने आणि एका महोत्सवाच्या परीक्षकांनी पाहिला. एक परीक्षक घोरत होते.

आता मसालेवाल्यांना 'अस्सल' मच्छीमार हवा होता. मी माझ्या माहितीपटातले वासुकाका तांडेल (होडीचा म्होरक्या) दाखवले. भर वादळात ते भावाला, दत्तूला, पाण्यातून ओढून घेतात, तो प्रसंग. पसंत!

पावस, आडिवरे मागे टाकत, सड्यावरून (कातळाचे उजाड पठार) हाडे खिळखिळी करत जीप नाट्याला पोचली. वासुकाका जाळे दुरुस्त करत होते.

"काय हो फिल्लमवाले, आमचा पिच्चर लागनार कधी?"

"लागेल काका. आधी जाहिरात."

"त्याच्या आधी गाऱ्हाणं."

इकडे देवाला मोठ्याने सांगितल्याशिवाय होडीसुद्धा पाण्यात लोटत नाहीत. देवळात नारळ ठेवून काकांनी आवाज लावला, "बा देवी म्हाराजा! या लेकरानं आमचा पिच्चर काढला, तो कोनी बघितला नाय. तो सगळ्यांना बघायची बुद्धी दे रे म्हाराजा!"

"व्हय म्हाराजा!" सगळे गरजले. मी इतक्या जोरात, की दीपमाळेखालची मांजर पळाली.

शूटिंगसाठी आम्ही सुरमईला गोंद फासून चकचकीत केले. काकी म्हणाल्या, "मासा नासवलात! मसाला खायचा नाय, नुसता बघायचा काय?" मग मसाल्याचे पाकीट चुलीमागे ढकलून त्यांनी आम्हाला स्वतःच्या वाटपाचे (पाट्यावर वाटलेल्या मसाल्याचे) बांगड्याचे तिखले वाढले. जिभेला झिणझिण्या आल्या.

जेवतानाच कंपनीचा फोन आला. वादळाचा प्रसंग हवा, पण कायमचा. मी तो पुन्हा कुठेही दाखवायचा नाही. तो काढला तर माझ्या माहितीपटात उरतात जाळी आणि कावळे. मी खरकटे हात पुसले आणि हो म्हणालो. पुढची कामे त्यांच्याच हातात होती.

मुंबईला परतल्यावर जाहिरात टीव्हीवर झळकली. काकांचा फोन आला.

"बघितला हो पिच्चर! सगळ्या गावानं! देवीनं ऐकलं."

"आवडला?"

"वादळ झ्याक. पन मी दत्तूला धरतो, तेवढ्यात मसाला येतो. दत्तू पान्यातच ऱ्हायला की! त्याला वर काढतो, ते पुढच्या वेळी दाखवनार ना?"

आयुष्यभर लोकांच्या गळ्यात माल मारला, आता काकांच्या गळ्यात ही खोटी आशा.

"व्हय म्हाराजा," मी म्हणालो.