बदकाला नंबर आहे, मेंढ्याला नाही

खरं तर कुणाला सांगणार नव्हते, पण तुम्ही घरचेच. तर ऐका. मी एक साधं उत्तर दिलं आणि आमच्या आबांच्या मागं पोलीस लागले!

त्याचं असं झालं. आमच्या आक्कानं सांगलीला मेडिकल कोडिंगचा क्लास लावला आहे. परदेशातल्या दवाखान्यांचे कागद वाचायचे आणि प्रत्येक दुखण्याला ठरलेला नंबर द्यायचा, हे ते काम. आणि नुसतं डोकं फुटलं एवढ्यावर भागत नाही हो! ते कशानं फुटलं, त्यालाही वेगळा नंबर. गायीनं मारलं, वेगळा. झाडावरून पडला, वेगळा. बदक चावलं, त्यालासुद्धा! बदक! त्या दिवशी मी इतकी हसले, इतकी हसले की पोट दुखायला लागलं.

शनिवारी आक्का घरी आली की मी पुस्तक धरून तिची तयारी करून घ्यायची. तिचं बोलणं मला पाठ झालं होतं. "बहुतेक, असावं, वाटतंय, असलं काय धरायचं न्हाई. आन् चुकून लागलं का कुणी मुद्दाम, ते बघायचं. ठरवताच येत नसंल तर 'हेतू अनिश्चित'."

मी वर्गात 'हजर'सुद्धा तोंडातल्या तोंडात म्हणते. मला हे नियम फार आवडले. बोलायचं कमी आणि चुकायची भीती नाही.

नाही कशी? त्या शनिवारी शाळेतून आले. आमची मेंढरं आहेत, आमच्या दुष्काळी भागात बऱ्याच घरी असतात. दगडी डोणीत पाणी ओतायला वाकले आणि मागून असा धक्का बसला की कपाळ थेट डोणीच्या काठावर! वळून बघते तर आबा काठी घेऊन उभे. आणि आमचा थोरला मेंढा चार पावलांवर पाला चघळतोय, जसा काही त्या गावचाच नाही.

आबांनी मला गाडीवर बसवून तालुक्याच्या दवाखान्यात नेलं. ते गाडी लावत होते तोवर मी आत, एकटी, डॉक्टर मॅडमसमोर. कपाळ ठणकतंय.

"कशानं लागलं गं?"

"पडले."

"कशी?"

"मागून धक्का बसला."

"कुणी दिला?"

आता तुम्हीच सांगा, मी बघितलं होतं का? मेंढाच, बहुतेक. पण बहुतेक चालत नाही ना!

"बघितलं नाही."

"मुद्दाम दिला का?"

"हेतू अनिश्चित आहे."

मॅडमचं पेन थांबलं.

"मागं कोण होतं?"

"आबा."

"हातात काय होतं त्यांच्या?"

"काठी."

"घरात आधी असं कुणाला लागलंय?"

"आईला. पाय मोडला होता."

तोही मेंढ्यानंच मोडला होता. पण ते कुठं विचारलं मॅडमनी?

त्यांनी नर्सबाईंना खूण केली. दार बंद झालं. बाहेरून आबांचा आवाज, "आवं, माझी पोरगी हाय आत!" दार उघडलं नाही. तेव्हा कुठं माझ्या डोक्यात उजेड पडला, मॅडमना आबांचाच संशय आलाय! टाके घालताना मी रडले नाही. पण समोरच्या चौकीतून हवालदार आले, त्यांच्या बुटांचा आवाज ऐकला, आणि मी नर्सबाईंचा हात घट्ट धरला.

"काठी कुठाय?"

"घरी. आवं सायेब, मेंढ्यानं हाणलंय तिला!"

"पोरगी तसं म्हणत न्हाई."

आबांनी माझ्याकडं बघितलं. रागानं नाही हो. रागानं बघितलं असतं तर बरं झालं असतं. आता आबांना आत टाकणार, माझ्या शब्दावरून! मला किंचाळून सांगायचं होतं. कसंबसं म्हणाले, "मेंढा... असावा."

"असावा?" हवालदार म्हणाले. "म्हंजे नक्की न्हाई. चला, जागा दावा."

जीपमध्ये आबांनी माझा हात धरला होता.

घरी आल्यावर हवालदार डोणीपाशी गेले. रक्ताचा डाग बघायला वाकले.

"सायेब, तितं वाकू नगा," आबा म्हणाले.

"मला शिकवतुस व्हय रं?"

धप्प!

पाणी होतं म्हणून बरं, नाहीतर टाकेच पडले असते. हवालदार निथळत उठले, टोपी डोणीत तरंगतेय. मेंढा चार पावलांवर, पाला चघळतोय.

"कुणी हाणलं, बघितलं का सायेब?" आबांनी अगदी अदबीनं विचारलं.

"मागनं आलं. दिसलं न्हाई." हवालदारांनी मेंढ्याकडं बघितलं, मग माझ्याकडं. "पर मेंढाच गं बाय. नक्की मेंढाच."

सगळे हसले. मी मात्र आईच्या कुशीत तोंड घालून तेव्हा रडले.

संध्याकाळच्या एसटीनं आक्का आली आणि तिला सगळं कळलं. आबांनी आधी आपलं दुखणं काढलं, "ह्या मेंढ्याचा नंबर कितवा गं?"

"मेंढ्याला सोताचा न्हाई आबा. इतर खूरवाली जनावरं, त्यात धरायचा."

"आन् बदकाला हाय? त्यानं कुणाचा पाय मोडलाय?" आबा रात्रीपर्यंत धुसफुसत होते.

मग आक्का माझ्याकडं वळली. "अगं येडे, 'अनिश्चित' कवा? डॉक्टरनं सोता तसं लिवलं असंल तवा. नुसतं म्हाईत नसंल तर अपघातच धरायचा!"

"हे कधी शिकवलंस मला?"

"बदकाच्या दिवशी. तू हसत हुतीस."