शालूच्या वाटचा सूर

कुंभिवलीला जायचं ठरलं ते एका भाजीवालीमुळे. गोष्ट सत्तरच्या दशकातली. मी कर्जतला शाळेत मास्तर, भिसेगावात बिऱ्हाड. धाकटी बहीण शालू आमच्याकडेच राहायची. तिची तीन वर्षांची बेबी तापानं गेली, त्या दिवसापासून शालू एक शब्द बोलली नव्हती. डॉक्टर झाले, नवस झाले. वर्ष उलटलं.

"गुरुजी, आमच्या गावच्या धाकूबुवांचा पावा ऐकवा हिला," भाजीवाली सखूबाई एकदा म्हणाली. "बांधलेली वाचा सुटते त्यानं." बुवांच्या पणजोबांना म्हणे डोंगरातल्या देवीनं तो सूर शिकवला होता. दुःखानं ज्याचा गळा आवळलाय, त्याच्यासमोरच तो वाजवायचा.

मी हसलो. शालू मात्र आत जाऊन पातळ बदलून आली आणि चपला घालून दारात उभी राहिली.

"ऊन फार आहे गं, आधी मी बघून येतो," मी म्हणालो. खरं कारण वेगळंच होतं. बहिणीला घेऊन पाव्यामागे निघालेला मास्तर गावाला दिसायला नको होता.

रविवारी एसटी धरली. चौकला हायवेवर उतरायचं आणि खालापूरकडची गाडी मिळेपर्यंत टपरीवरची कांदाभजी खायची. तिकीट आणि भजी धरून दोन रुपयांच्या आत भागलं. कुंभिवलीहून डोंगराकडे पाऊण तास पायवाट. दोन्हीकडे भाताची कोरडी खाचरं, कुठे कुठे पेरणीआधी पालापाचोळा पसरून राब भाजल्याचा धूर. पाणी सोबत घ्यावं, वाटेत एकच विहीर होती. आता तिकडे कारखाने झालेत, वाट उरलीय की नाही कोण जाणे.

बुवा अंगणात बसले होते. हाडं मोजून घ्यावीत असा देह.

"कुनाचं दुःख आनलंय?" त्यांनी विचारलं.

"बहिणीचं."

"मग ती कुठं हाय?"

"आधी स्वतः ऐकून बघावं म्हटलं."

त्यांची सून पारू कळशी खाली ठेवत म्हणाली, "मामांना दम राह्यला नाय, गुरुजी. उगा वाजवाया लावू नका."

मी उठलो नाही. बुवाच म्हणाले, "ऱ्हाऊ दे गं. एवढे उन्हाचे आले, रिकामं कसं धाडू?"

त्यांनी पावा ओठाला लावला. तो सूर कसा होता हे सांगायला बसलो की शब्द खोटे वाटतात. गोठ्यातल्या बैलांनी रवंथ थांबवला एवढं पाहिलं. मग माझ्या तोंडून मोठ्यानं "बेबी!" अशी हाक निघाली. वर्षभर आमच्या घरात ते नाव कुणी घेतलं नव्हतं. मी लहान मुलासारखा रडलो, आणि रडून झाल्यावर छाती हलकी झाली.

बुवा खोकत होते. "हप्त्यात आना तिला," ते म्हणाले. "मंग माजं काय खरं नाय."

पण शाळेत परीक्षा लागल्या. एक आठवडा पेपरांत गेला, दुसरा तपासणीत. तिसऱ्या रविवारी शालूला घेऊन निघालो. ती माझ्यापुढे चालत होती, एकदाही बसली नाही.

बुवा आता खाटेवर होते. शालूला पाहून त्यांनी पावा मागितला, फुंकला. नुसती हवा आली. पुन्हा फुंकला, मग खोकल्याची उबळ. "पुरं, मामा," म्हणत पारूनं पावा काढून घेतला.

बुवांनी शालूचा हात धरला. "तुज्या भावाला दिला गं पोरी. दम तेवढाच हुता."

शालूनं माझ्याकडे पाहिलं. त्या नजरेत राग असता तर सोसला असता.

घरी आल्यावर तिनं कानाला हात लावला, मग माझ्या गळ्याकडे बोट केलं. तो सूर कसा होता? मी गुणगुणून बघितलं. शाळेतल्या प्रार्थनेसारखं काहीतरी निघालं. ती शेवटपर्यंत ऐकत राहिली, मग उठून मलाच पाणी दिलं.

बुवा पावसाच्या आधी गेले. शालू पुढे पुष्कळ वर्षं जगली. माझ्या मुलींना शिवण शिकवलं, आमची दुखणीखुपणी काढली, सगळं न बोलता. मला तिनं कधी बोल लावला नाही. लावला असता तर निदान तिचा आवाज तरी कानी पडला असता.